नळाच्या पाण्यातले क्षार म्हणजे घाण नव्हे

प्रति,
मा. संपादक,
स. न. वि. वि.

भांडुप पूर्वेच्या आमच्या सोसायटीत गेल्या महिन्यात पाणी शुद्ध करणाऱ्या यंत्राच्या एका विक्रेत्याने प्रात्यक्षिक दाखवले आणि त्यानंतरच्या आठवड्याभरात दोन विंगमध्ये मिळून अकरा घरांनी आरओ यंत्रे बसवून घेतली. त्या प्रात्यक्षिकात नेमके काय घडले आणि मुंबईच्या पाण्यासाठी हे यंत्र का अनावश्यक आहे, हे आपल्या वाचकांपर्यंत पोचावे म्हणून हे पत्र लिहीत आहे. मी चौतीस वर्षे माध्यमिक शाळेत विज्ञान शिकवले आहे आणि मीठ व पाणी यांचे मिश्रण हा धडा जवळजवळ दरवर्षी शिकवला आहे. त्याच धड्याचा आधार घेऊन एवढ्या कुटुंबांना घाबरवले जाताना पाहून मला अतिशय वाईट वाटले.

संध्याकाळी सहाच्या सुमारास सोसायटीच्या कार्यालयात टेबलावर काचेचे दोन पेले मांडण्यात आले. एका पेल्यात आमच्याच नळाचे पाणी होते आणि दुसऱ्यात त्या यंत्रातून काढलेले. विक्रेत्या तरुणाने पिशवीतून एक छोटी पेटी काढली, जिच्या खालच्या बाजूला धातूच्या कांड्यांच्या दोन जोड्या होत्या. एक जोडी एका पेल्यात आणि दुसरी दुसऱ्या पेल्यात बुडेल अशा बेताने त्याने ती पेटी ठेवली आणि खटका दाबला. मिनिटाभरातच नळाच्या पाण्यात कांड्यांभोवती बुडबुडे येऊ लागले. पाणी आधी पिवळसर, मग हिरवट आणि शेवटी चहाच्या चोथ्यासारखे तपकिरी झाले, वर फेस धरला आणि तळाशी गाळ बसला. शेजारचा पेला मात्र तसाच नितळ राहिला. ‘काकू, हे तुम्ही रोज पिता आणि नातवंडांनाही हेच पाजता,’ एवढेच तो म्हणाला. तिसऱ्या मजल्यावरच्या आजींनी तोंडाला पदर लावला आणि त्यांच्या सुनेने तिथल्या तिथे किंमत विचारली.

मी घरी जाऊन मिठाची डबी घेऊन आले आणि त्या तरुणाला विनंती केली की त्याने आपल्या नितळ पाण्यात चिमूटभर मीठ घालून, ते ढवळून, तोच खटका पुन्हा दाबावा. त्याने बरेच आढेवेढे घेतले, परंतु सचिवांनीही आग्रह धरल्यावर त्याचा नाइलाज झाला. या वेळी पाणी तपकिरी व्हायला मिनिटही लागले नाही आणि तळाशी बसलेला गाळ नळाच्या पाण्यातल्या गाळापेक्षा कितीतरी दाट होता. मीठ सर्वांच्या डोळ्यांदेखत घातलेले होते, स्वच्छ होते, दुपारी आमच्या आमटीत पडलेलेच होते. मग ही घाण आली कुठून? मी त्या कांड्या कागदाने पुसून सर्वांना दाखवल्या, तेव्हा एक कांडी चकचकीत होती, तर दुसरी खडबडीत झालेली, जागोजागी खड्डे पडलेली आणि तांबूस होती. ती लोखंडाची होती आणि पेल्यातला तपकिरी गाळ तिच्याच झिजेतून आलेला होता.

शुद्ध पाणी विजेचे वहन जवळजवळ करत नाही. त्यात क्षार विरघळलेले असतील तर त्यांचे भारित कण, म्हणजे आयन, विजेचे वहन करतात. वीज वाहू लागली की लोखंडाच्या कांडीतले लोह पाण्यात उतरते, दुसऱ्या कांडीपाशी तयार होणाऱ्या हायड्रॉक्साइडशी त्याचा संयोग होतो आणि हवेच्या संपर्कात ते हिरवटाचे तपकिरी होते. नळाच्या पाण्यात थोडेसे क्षार असतात म्हणून तिथे वीज वाहिली. यंत्राच्या पाण्यातले क्षार काढून टाकलेले असल्यामुळे तिथे ती वाहिली नाही. त्या पेटीने पाण्याची अशुद्धता दाखवली नव्हती, त्यातून वीज वाहते एवढेच दाखवले होते. (वाचकांनी हा प्रयोग कृपया घरी करू नये. घरातल्या विजेची आणि खाऱ्या पाण्याची गाठ जिवावर बेतू शकते.)

एवढे समजावूनही अकरा यंत्रे बसली, याचा दोष मी त्या कुटुंबांना देत नाही. डोळ्यांसमोर तपकिरी झालेले पाणी एकदा पाहिले की ते मनातून जात नाही आणि त्यापुढे तोंडी सांगितलेले कारण फिके पडते. म्हणूनच मूळ धडा थोडा सविस्तर मांडण्याची परवानगी घेते.

मिठाचा खडा पाण्यात टाकला की तो दिसेनासा होतो, पण नाहीसा होत नाही. त्यातले सोडियमचे आणि क्लोराइडचे कण सुटे होतात, प्रत्येक कणाभोवती पाण्याचे रेणू गोळा होतात आणि ते कण पाणीभर सारखे पसरतात. शंभर मिलिलिटर पाण्यात सुमारे 36 ग्रॅम मीठ असे सामावून जाते आणि पाणी तापवले तरी या मर्यादेत फारसा फरक पडत नाही, जो साखरेच्या बाबतीत भरपूर पडतो. हे मिश्रण दुपदरी फडक्यातून गाळा, गाळण कागदातून गाळा किंवा त्यात तुरटी फिरवा, मीठ मागे राहत नाही, कारण फडके आणि तुरटी ही तरंगणाऱ्या मातीसाठी आहेत. मीठ वेगळे करायचे तर पाण्याला वाफ होऊन निघून जावे लागते, किंवा ज्या पडद्यातून पाणी जाते पण मीठ सहसा जात नाही अशा पडद्यातून ते प्रचंड दाबाने ढकलावे लागते. या दुसऱ्या पद्धतीलाच आपण आरओ म्हणतो.

पहिली पद्धत पाहायला भांडुप, कांजूरमार्ग, मुलुंडच्या मुलांना लांब जावे लागत नव्हते. मी सातवीच्या वर्गाला मिठागरावर नेत असे. उधाणाच्या भरतीचे पाणी बांध घातलेल्या मोठ्या वाफ्यात घेतात, ते तापत तापत एका वाफ्यातून पुढच्या वाफ्यात सोडतात आणि प्रत्येक वाफ्यागणिक ते अधिक खारट होत जाते. आधी जिप्सम तळाशी बसते, पाणी आणखी आटले की मिठाचे दाणे धरू लागतात आणि शेवटी उरलेले पाणी काढून टाकतात, कारण त्यात मॅग्नेशियमचे क्षार असतात. त्या उरलेल्या पाण्यात बोट बुडवून मुले जिभेला लावत आणि तोंडे वाकडी करत, कारण ते खारट नव्हे, कडू असते. त्यातला थोडासा अंश खड्याच्या मिठाला चिकटून राहतो आणि हवेतली ओल ओढून घेतो, म्हणून पावसाळ्यात आपल्या बरणीतल्या खड्याच्या मिठाला लगेच पाणी सुटते. एकदा एका मुलीने विचारले होते, ‘बाई, मीठ इथे राहिलं, मग पाणी कुठे गेलं?’ मी तिला पूर्वेकडे, डोंगरांच्या दिशेने बोट दाखवले होते.

मला वाटते, मुंबईकराने आपल्या नळाकडे पाहताना हाच प्रश्न आणि हेच उत्तर आठवावे. समुद्राच्या एका लिटर पाण्यात साधारण 35 ग्रॅम क्षार असतात. सूर्य ते पाणी उचलतो, क्षार समुद्रातच राहतात आणि क्षारविरहित झालेले ते पाणी मोसमी वाऱ्यांबरोबर येऊन सह्याद्रीवर कोसळते. तेच पाणी भातसा, तानसा, मोडकसागर, मध्य वैतरणा, ऊर्ध्व वैतरणा, विहार आणि तुळशी या सात तलावांत साठते. खालचा काळा पाषाण कठीण आणि पाऊस धो धो पडणारा, त्यामुळे वाटेत त्याला फार क्षार विरघळवून घेता येत नाहीत. म्हणजे मीठ आणि पाणी वेगळे करण्याचे जे काम यंत्र करू पाहते, ते आपल्या बाबतीत सूर्याने आधीच करून ठेवलेले आहे.

आता आकडे पाहू. पिण्याच्या पाण्याच्या भारतीय मानकात एका लिटरमागे 500 मिलिग्रॅमपर्यंत विरघळलेले पदार्थ स्वीकारार्ह मानले आहेत आणि दुसरा स्रोत नसेल तर 2000 मिलिग्रॅमपर्यंत मुभा दिली आहे. आमच्या नळाच्या पाण्यात माझा टीडीएस मीटर (विरघळलेल्या पदार्थांचा अंदाज देणारे उपकरण) लिटरमागे 74 मिलिग्रॅम दाखवतो. नोव्हेंबर 2019 मध्ये भारतीय मानक ब्युरोने निरनिराळ्या शहरांतील नळाच्या पाण्याची तपासणी जाहीर केली, तेव्हा मुंबईचे सर्व दहा नमुने तपासलेल्या प्रत्येक निकषावर उतरले होते आणि या शहराचा क्रमांक पहिला होता. त्याच वर्षी मे महिन्यात राष्ट्रीय हरित लवादाने पर्यावरण मंत्रालयाला निर्देश दिले होते की जिथे पाण्यातले विरघळलेले पदार्थ लिटरमागे 500 मिलिग्रॅमपेक्षा कमी आहेत तिथे आरओ यंत्रांना मनाई करावी. आमचे 74 या मर्यादेच्या सहाव्या भागाहूनही कमी आहेत.

टीडीएस मीटर हे पेनाएवढे उपकरणही आता विक्रेत्यांच्या हातात शस्त्र झाले आहे, म्हणून त्याविषयी सांगते. ते क्षार मोजत नाही. पाण्यातून वीज किती सहज वाहते ते मोजते आणि त्यावरून अंदाज करते. नळाच्या पाण्याच्या पेल्यात दोन चमचे साखर विरघळवून मीटर बुडवून पाहा, आकडा वाढणार नाही, कारण साखरेचे आयन होत नाहीत. त्याच पेल्यात चिमूटभर मीठ घाला, आकडा हजाराच्या पुढे जाईल. हा प्रयोग निर्धोक आहे आणि प्रत्येक शाळेने तो जरूर करून घ्यावा. कावीळ, विषमज्वर किंवा जुलाब करणारे जंतू त्या मीटरला दिसत नाहीत, कीटकनाशकही दिसत नाही. गटाराचे पाणी किंचित झिरपलेल्या नळाला तो 90 दाखवील आणि एखाद्या खेड्यातल्या उत्तम गोड विहिरीला 350. कमी आकडा म्हणजे शुद्ध पाणी ही समजूत म्हणूनच घातक आहे.

शेजारच्या घरी यंत्र बसल्यावर मी त्यांच्या संमतीने एक मोजमाप केले. यंत्राच्या मागून एक बारीक पांढरी नळी निघून मोरीत सोडलेली होती. ती नळी आम्ही बादलीत सोडली आणि पुढच्या बाजूला लिटरभराचे भांडे ठेवले. भांडे भरले तेव्हा बादलीत पावणेतीन लिटर पाणी जमा झाले होते. मीटर भांड्यातल्या पाण्यात 10 दाखवत होता आणि बादलीतल्या पाण्यात 97. संपादक महोदय, हा 97 मी तीनदा मोजला. मानकात 500 बसतात आणि इथे 97 असलेले, पिण्याला सर्वस्वी योग्य असे पाणी ‘टाकाऊ’ म्हणून मोरीत जात होते, त्या घरात दिवसाकाठी दोन-अडीच बादल्या. त्याच यंत्रात काढलेले क्षार परत घालण्यासाठी एक ‘मिनरल’ नळकांडे होते आणि त्याबरोबर एक छोटी चावी, जी क्षार काढलेल्या पाण्यात थोडे क्षार न काढलेले पाणी मिसळते. आधी काढायचे, मग थोडे परत मिसळायचे आणि मधल्या मध्ये पावणेतीन लिटर सोडून द्यायचे, यासाठी त्या घराने पंधरा हजार रुपये मोजले होते आणि पडदा व गाळण्या बदलण्याचा खर्च त्यांच्यामागे दरवर्षी लागणार आहे.

एका घराला रोज दहा लिटर पाणी लागते असे धरले तर वीस ते तीस लिटर वाया जाते. अशी दहा लाख घरे झाली तर दिवसाला दोन ते तीन कोटी लिटर, म्हणजे वीस ते तीस दशलक्ष लिटर. जून 2024 मध्ये तलाव आटल्यामुळे मुंबईत दहा टक्के पाणीकपात करावी लागली होती, हे आपण विसरू नये. ज्या शहापूर तालुक्यातून आपल्याला हे पाणी येते, तिथल्या कित्येक पाड्यांवर उन्हाळ्यात टँकरची वाट पाहत हंडे रांगेत लावलेले असतात. तिथल्या एखाद्या आईला ही बारीक पांढरी नळी दाखवण्याचे धैर्य मला होणार नाही.

आरओ हे तंत्र वाईट आहे असे मी मुळीच म्हणत नाही; ते जिथे हवे तिथे दुसरा पर्याय नसतो. मालाडजवळ मनोरी येथे समुद्राचे पाणी गोडे करण्याचा महापालिकेचा प्रकल्प आहे, दिवसाला 200 दशलक्ष लिटरचा. समुद्राच्या पाण्यातून मीठ मागे सारायला वातावरणाच्या साठ-सत्तर पट दाब द्यावा लागतो आणि अशा प्रकल्पांत हजार लिटर गोड्या पाण्यामागे साधारण तीन ते चार युनिट वीज जाते. त्या हिशेबाने मनोरीला रोज सहा ते आठ लाख युनिट लागतील, शिवाय मागे उरणारे, समुद्राहून दुप्पट खारट पाणी खाडीतल्या मासळीला बाधू नये म्हणून कुठे आणि कसे सोडायचे, हा तिथल्या कोळी बांधवांचा प्रश्न आहेच. एवढा खर्च करून समुद्राचे पाणी गोडे करायला निघालेले शहर स्वयंपाकघरात गोड्या पाण्याचे तीन हिस्से मोरीत सोडते, हे मला सहन होत नाही.

मूत्रपिंडाच्या रुग्णांच्या डायलिसिसला आरओचेच पाणी लागते, कारण तिथे ते पोटात जात नाही, फक्त एका पातळ पडद्याआड रक्ताच्या शेजारून वाहते. खाडीलगतच्या इमारतींच्या बोअरवेलचे पाणी अनेकदा खरोखरच खारे असते. काही संकुलांत बाराही महिने टँकर येतात आणि त्यांचा स्रोत कुणाला ठाऊक नसतो. अशा ठिकाणी आधी प्रयोगशाळेतून पाणी तपासून घ्यावे आणि आकडा 500 च्या वर असेल तर यंत्र अवश्य बसवावे. आमच्या इमारतीला मात्र पालिकेचेच पाणी येते आणि तेही आमच्याच भांडुपच्या जलशुद्धीकरण केंद्रातून.

मुंबईच्या पाण्याला धोका नाही असेही नाही. तो धोका जंतूंचा आहे आणि तो धरणात किंवा केंद्रात नव्हे, तर शेवटच्या टप्प्यात शिरतो. पाणी दिवसातून ठरावीक तासच येते. ते बंद झाले की जलवाहिनीतला दाब उतरतो आणि जुन्या, गंजलेल्या, गटाराच्या कडेने गेलेल्या जोडण्यांतून बाहेरचे पाणी आत ओढले जाते. त्यापुढे सोसायटीची जमिनीखालची टाकी आणि गच्चीवरची टाकी असते, जिचे झाकण कित्येकदा नीट बसलेले नसते. यावर क्षार काढणे हा इलाज नाही. केंद्रात घातलेल्या क्लोरीनचा थोडा अंश, लिटरमागे किमान 0.2 मिलिग्रॅम, नळापर्यंत टिकला आहे की नाही हे पाहणे, टाक्या वर्षातून दोनदा धुऊन घेणे आणि शंका आली तर पाणी खळखळून उकळणे, हा इलाज आहे. उकळल्याने क्षार कमी होत नाहीत, पण आपल्याला ते कमी करायचेच नाहीत. उलट आरओ यंत्रातला कोळसा तो क्लोरीन काढून टाकतो, त्यामुळे यंत्राच्या टाकीत साठून राहिलेल्या पाण्याला जंतूंपासून संरक्षणच उरत नाही, ही गोष्ट एकाही विक्रेत्याने मला आजवर सांगितलेली नाही.

आणि क्षारांची भीती तरी कशाची? ज्या घरांत 74 आकड्याला घाबरून यंत्र बसले, त्याच घरांत मुलाला जुलाब झाले की लिटरभर उकळून गार केलेल्या पाण्यात चहाचे सहा सपाट चमचे साखर आणि चहाचा अर्धा सपाट चमचा मीठ घालून घोट घोट पाजतात आणि ते योग्यच आहे. साखरेच्या सोबतीने मीठ आतड्यातून शरीरात शोषले जाते, त्यामागून पाणी जाते आणि मूल वाचते. 1971 साली पश्चिम बंगालमधल्या बनगावच्या निर्वासितांच्या छावणीत डॉ. दिलीप महालनोबिस यांनी सलाइनच्या बाटल्या संपल्यावर याच तत्त्वाच्या द्रावणाने पटकीचे असंख्य रुग्ण वाचवले होते. त्या भांड्यात टीडीएस मीटर बुडवला तर तो दोन हजारांहून जास्त आकडा दाखवील.

महापालिकेला माझी विनंती आहे की प्रत्येक विभागातील पाण्याचे विरघळलेले क्षार, शिल्लक क्लोरीन आणि जंतुतपासणीचा निकाल हे तीन आकडे पाण्याच्या बिलावरच छापावेत, म्हणजे रहिवाशांना ते विक्रेत्याच्या पेनाकडून कळण्याची वेळ येणार नाही. कांड्यांचे ते प्रात्यक्षिक ही ग्राहकांची सरळसरळ दिशाभूल असून, ज्यांच्या सोसायटीत ते दाखवले जाईल त्यांनी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या 1915 या क्रमांकावर तक्रार नोंदवावी. शाळांतील माझ्या सहकाऱ्यांना सांगावेसे वाटते की मीठ-पाण्याचा धडा बाष्पनपात्राची आकृती काढून संपवू नका. वर्गात मीठ, साखर, मीटर आणि नळाचे पाणी एकत्र आणा आणि जोवर मिठागरे शिल्लक आहेत तोवर मुलांना एकदा तरी तिथे घेऊन जा.

आमच्या सोसायटीच्या सूचनाफलकावर सचिवांनी 10, 74, 97 आणि 500 हे चार आकडे, प्रत्येकाचा अर्थ खाली लिहून, लावले आहेत. अकरापैकी चार घरांनी यंत्राची बारीक नळी काढून बादलीत सोडली आहे आणि ते पाणी स्वयंपाकाला वापरायला सुरुवात केली आहे. दोन्ही टाक्या येत्या रविवारी धुतल्या जाणार आहेत.

आपली नम्र,
एक निवृत्त विज्ञान शिक्षिका,
भांडुप (पूर्व), मुंबई